पुकाऱ्याला गैरहजर : एका न्यायालयीन आदेशाची कुळकथा

प्रकरणाचा पुकारा झाला असता वादी किंवा त्याचा वकील यांपैकी कोणीही हजर नसल्यास, गुणदोषांत न शिरता दावा काढून टाकण्याच्या आदेशाला कोर्टाच्या बोलीत ‘डिसमिस फॉर डिफॉल्ट’, म्हणजे कसुरीमुळे खारीज, असे म्हणतात. त्यामागची कल्पना फार जुनी आहे. इ.स.पू. सुमारे ४५० मधील रोमच्या द्वादश पट्ट कायद्याने मध्यान्ह उलटल्यावर हजर पक्षाच्या बाजूने निकाल देण्यास सांगितले होते. नारदस्मृतीने पाच प्रकारचे ‘हीन’, म्हणजे बाजू पडलेले पक्षकार, सांगताना त्यांत ‘नोपस्थाता’, म्हणजे न्यायसभेपुढे उपस्थित न राहणारा, यालाही गणले. या दोन्ही व्यवस्थांत ज्याची कसूर, त्यालाच तिचे फळ मिळत असे.

वकील मध्ये आला तेव्हा हे नाते गुंतागुंतीचे झाले. १७९३ मध्ये कंपनी सरकारने बंगालमध्ये वकिलांच्या नेमणुकीचे नियम केले, १८५९ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने गैरहजेरीच्या परिणामांची कलमे घातली, आणि आज लागू असलेल्या १९०८ च्या संहितेने वकिलाची हजेरी ही पक्षकाराचीच हजेरी मानली. त्यामुळे पक्षकार स्वतः आला नसेल, तर वकिलाची गैरहजेरीही त्याच्याच माथी येऊ लागली. या संहितेच्या नवव्या आदेशानुसार प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असल्यास दावा खारीज होतो व त्याच कारणावर नवा दावा लावता येत नाही; मात्र गैरहजेरीस पुरेसे कारण दाखवल्यास मूळ दावा पुन्हा फाइलवर घेता येतो.

या नियमातील अन्याय सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात ओळखला. वकील नेमून निश्चिंत झालेल्या पक्षकाराला वकिलाच्या कसुरीची शिक्षा देता येणार नाही, असे म्हणून न्यायालयाने खारीज झालेले अपील पुन्हा चालवण्यास सांगितले आणि खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करण्याचा आदेश दिला. कसुरीचे फळ पुन्हा कसूर करणाऱ्याकडे गेले, हेच या निकालाचे मोल आहे.

तरीही दावा पुन्हा फाइलवर घेण्याच्या अर्जाची मुदत खारीज झाल्यापासून अवघी तीस दिवसांची आहे. म्हणून दावा खारीज झाल्याचे पक्षकाराला तत्काळ कळवणे हे वकिलाचे पहिले कर्तव्य ठरते.