तळटीप : ‘वसुली थांबली’

वसुली थांबली म्हणजे कर माफ झाला, असे नव्हे. वस्तू व सेवा कर कायद्याच्या कलम १०७ नुसार आदेश मिळाल्यापासून तीन महिन्यांत अपील करायचे. मान्य असलेला कर पूर्ण आणि वादातल्या कराचे १० टक्के आधी भरायचे. समजा, डहाणूतल्या फुग्यांच्या कारखान्याचा ४ लाखांच्या कराचा वाद आहे. ४० हजार भरून अपील दाखल केले की उरलेली वसुली कायद्यानेच थांबते. वेगळा स्थगितीचा अर्ज लागत नाही, त्या मागणीपोटी बँक खात्यावर टाच येत नाही. छोट्या कारखानदाराला हे वेळेत सांगायलाच हवे. अपील हरल्यास मात्र मधल्या काळाचे व्याजही भरावे लागते. जिंकल्यास आगाऊ भरलेली रक्कम व्याजासह परत मिळते. अपिलाच्या निकालाविरुद्ध न्यायाधिकरणात जाताना भरायची जादा रक्कम १ नोव्हेंबर २०२४ पासून २० ऐवजी १० टक्के झाली.