कंस नव्हता तेव्हा

फळ्यावर ७ − (३ − क्ष) लिहिलं की निम्मा वर्ग उत्तर देतो, ४ − क्ष. दरवर्षी हेच. परवा एका मुलीने वैतागून विचारलं, "सर, वजाच्या पुढे कंस आला की आतला वजा जमा होतो, हे ठरवलं कुणी?"

प्रश्न रास्त होता. मी वर्षानुवर्षं नियम सांगत आलो, कारण नाही.

उर्दूत कंसांना आपण कौसैन म्हणतो, म्हणजे दोन धनुष्यं. पण ज्याच्या ग्रंथाच्या नावातून 'अल्जिब्रा' हा शब्द आला, त्या अल-ख्वारिज्मीकडे ही धनुष्यं नव्हतीच. नवव्या शतकात बगदादमध्ये बसून त्याने सगळं बीजगणित शब्दांत लिहिलं. ना अधिकचं चिन्ह, ना बरोबरचं. अज्ञात राशीला तो 'शै' म्हणतो, म्हणजे वस्तू. 'दहा उणे वस्तू' ला 'दहा उणे वस्तू' ने गुणायचं, तर तो एकेक पायरी बोलून दाखवतो: दहा दाहे शंभर, दोनदा दहा वस्तू उणे, आणि उणे वस्तू गुणिले उणे वस्तू म्हणजे वर्ग, तोही अधिक. उत्तर, शंभर आणि एक वर्ग, उणे वीस वस्तू. कंसाशिवाय कंस सोडवला!

गोल कंस छापील गणितात आले ते १५५६ मध्ये, इटलीतल्या टार्टाग्लियाच्या ग्रंथात.

"बीजगणित आमचंच" असे अभिमानाचे संदेश मोबाइलवर फिरतात, दोन्ही बाजूंनी. मला ते पटत नाहीत. ब्रह्मगुप्ताने ६२८ मध्येच धन आणि ऋण यांचे नियम लिहिले होते: शून्यातून ऋण वजा केलं की धन. हिंदी अंकांच्या हिशेबावर खुद्द अल-ख्वारिज्मीने पुस्तक लिहिलं. पुढे भास्कराचार्यांची लीलावती फैजीने १५८७ मध्ये फारसीत नेली, आणि त्यांचं बीजगणित शाहजहानच्या काळात अताउल्लाह रशीदीने. आणि मराठी हिशेबातले 'जमा' अन् 'बाकी' अरबीतून आलेले. देणं-घेणं असंच चालतं.

तर त्या मुलीला मी ब्रह्मगुप्ताचं ऋणच सांगितलं. खिशात सात रुपये. दुकानदाराला तीन द्यायचे, पण त्याने क्ष रुपये सूट दिली. खिशात उरले किती?

"चार, आणि वर सूट," ती म्हणाली. मग जरा थांबून, "पण सर, सूट दहा रुपये असेल तर?"

तीनच्या वस्तूवर दहाची सूट! वर्ग हसला. मी खडू तिच्या हाती दिला. ७ − (३ − १०), तिने लिहिलं, ७ − (−७), आणि खाली, १४. मग शेजारी ४ + १० करून पाहिलं.

हसणं थांबलं होतं.