‘येड्यासारखं’ : एका क्रियाविशेषणाचा सामाजिक इतिहास

जुन्नर तालुक्यात कुकडी नदीवर येडगाव नावाचे गाव आहे. धरणामुळे ते नाव आता पुणे जिल्ह्याबाहेरही पोहोचले आहे. येडगाव, माणिकडोह, वडज, डिंभे आणि पिंपळगाव जोगे या कुकडी प्रकल्पाच्या धरणांपैकी ते एक. मात्र गावाचे नाव प्रथमच ऐकणारा माणूस हमखास हसतो आणि तिथल्या लोकांच्या अकलेवर एखादी कोटी करतो. गावाच्या नावाची व्युत्पत्ती हा या लेखाचा विषय नाही. नावावरून, जातीवरून, बोलीवरून माणसाची अक्कल ठरविण्याची आपल्या समाजाला जी जुनी खोड आहे, ती माझा विषय आहे. ही खोड ज्या शब्दात मुक्कामाला आहे तो शब्द म्हणजे ‘येड्यासारखं’.

एक

‘वेडा’ आणि ‘येडा’ हे शब्द वेगळे नव्हेत. खेड्यातल्या बोलीत शब्दारंभीच्या ‘वे’चा ‘ये’ होतो. वेळ म्हणजे येळ, वेस म्हणजे येस, वेताळ म्हणजे येताळ; तसाच वेडा म्हणजे येडा. पण पुस्तकी मराठीने ‘वे’ला प्रतिष्ठा दिली आणि ‘ये’ला गावंढळ ठरवले. त्यामुळे ज्याला येडा म्हणायचे त्याच्याच तोंडचा उच्चार येडेपणाचा पुरावा म्हणून पुढे करण्याची सोय झाली. ‘येळ झाली’ असे म्हणणाऱ्या मुलाला वर्गात हशा सहन करावा लागतो, तो यामुळेच.

दुसरी गोष्ट व्याकरणाची. क्रियाविशेषणाने क्रियेविषयी बोलावे अशी अपेक्षा असते. ‘त्याने अविचाराने जमीन विकली’ आणि ‘तिने अविचाराने जमीन विकली’ या दोन्ही वाक्यांत ‘अविचाराने’ बदलत नाही, कारण तो शब्द कृत्याला लागलेला आहे. आता दुसरी वाक्ये पाहा : तो येड्यासारखा वागला, ती येड्यासारखी वागली, ते येड्यासारखे वागले. इथे शब्द कर्त्याचे लिंग घेतो, वचन घेतो. म्हणजे नावाला तो क्रियेचे विशेषण, पण बोट कर्त्याकडे. ‘हे कृत्य चुकले’ एवढे सांगून तो थांबत नाही. ‘हा माणूसच तसला’ असा निकाल देऊन मोकळा होतो. आणि एकदा माणूसच तसला म्हटले, की त्याने असे का केले हे विचारण्याची गरज उरत नाही.

अर्थात बोलीत या शब्दाला मायेचीही एक बाजू आहे. ‘येड्यासारखं रडू नगं’ असे आई म्हणते तेव्हा तिथे निकाल नसतो, जवळीक असते. संतांनीही वेडेपण आपणहून अंगावर घेतले. तेराव्या शतकातले ऋद्धपूरचे गोविंदप्रभू अस्पृश्यांच्या घरी जात, विटाळाची रेघ जुमानत नसत. पाहणारे त्यांना वेडे म्हणत. महानुभावांनी त्या वेडेपणात ईश्वर पाहिला. जातीची रेघ ओलांडणाऱ्याला ‘वेडा’ म्हणण्याचा रिवाज सातशे वर्षांपेक्षा जुना आहे, एवढे इथे ध्यानात ठेवावे.

दोन

या शब्दाचा सर्वांत मोठा बळी म्हणजे दख्खनचा रयत. ‘कुणबी अडाणी, लग्नात येड्यासारखा खर्च करतो, येड्यासारखा अंगठा देतो, म्हणून कर्जात बुडतो’ हे वाक्य एकोणिसाव्या शतकात सावकार बोलत होता, अंमलदार बोलत होता आणि शहरातला शिकलेला माणूसही बोलत होता.

वस्तुतः काय घडले होते? १८६१ ते १८६५ या अमेरिकन यादवी युद्धाच्या काळात कापसाचे भाव चढले, पत वाढली, सावकाराने हात सैल सोडला. युद्ध संपले आणि भाव कोसळले. त्याच सुमारास सरकारने सारा फेरआकारणीने वाढवला. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यामुळे रोख्याची मुदत तीन वर्षांची झाली. तो कायदा ऋणकोच्या संरक्षणासाठी म्हणून आला होता. प्रत्यक्षात दर तीन वर्षांनी मुद्दल अधिक व्याज मिळून नवे मुद्दल आणि नवा रोखा, असे चक्र सुरू झाले. अंगठा देणाऱ्याला रोखा वाचता येत नव्हता, आणि वाचायला शिकण्याची दारे त्याच्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या बंद होती.

१२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुप्याच्या बाजारात उठाव झाला आणि तो पुणे व अहमदनगर (आताचा अहिल्यानगर) जिल्ह्यांत पसरला. हे लोक येड्यासारखे काही करत नव्हते. त्यांना रोखे हवे होते. सावकाराने रोखे मुकाट्याने दिले तिथे सहसा मारहाण झाली नाही. नाकारले तिथे झाली. आपल्याला नेमके कशाने बांधले आहे हे ज्याला कळते तोच नेमका तो कागद जाळतो.

पुढे सरकारने चौकशी आयोग नेमला. लग्नसमारंभाच्या खर्चाला कर्जाचे कारण म्हणून अवाजवी महत्त्व दिले गेले आहे, असे मत या आयोगाने नोंदवले. असे खर्च रयतेच्या ऐपतीच्या मानाने जास्त असतील, पण ते क्वचित येतात. कर्जाचा डोंगर त्यांनी उभा राहत नाही. म्हणजे सरकारच्याच आयोगाने ‘येड्यासारखा खर्च’ या सिद्धांताला धक्का दिला. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायालयाला रोख्याच्या मागे जाऊन व्यवहाराचा मूळ इतिहास तपासण्याचा अधिकार दिला. तरीही ते वाक्य मेले नाही. आजही कर्जापायी आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या घरी माणसे जातात आणि मुलीच्या लग्नात किती खर्च केला होता, हे आधी विचारतात.

जोतीराव फुल्यांनी हा प्रश्न आयोगाच्या वीस वर्षे आधी हाती घेतला होता. १८५५ च्या ‘तृतीय रत्न’ नाटकात जोशी एका कुणबी जोडप्याला ग्रहांचे भय घालून लुबाडतो. हे जोडपे फसते, पण नाटककार त्यांना हसत नाही. फसणे कसे घडवले जाते ते तो पायरीपायरीने दाखवतो, आणि शेवटी ते जोडपे शिकायला निघते. १८८३ च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्येही कारणांची साखळी हीच आहे : आधी विद्या काढून घेतली गेली, मग बाकीचे सारे. आमच्या मते मराठी विचाराच्या इतिहासातला हा मोठा पालट आहे. अक्कल नसणे ही जातीची प्रकृती नाही. ते कुणीतरी केलेले काम आहे, असे जोतीरावांनी सांगितले. १८८२ साली ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्रीपुरुष तुलना’ लिहून हाच न्याय बायकांच्या अकलेला लावला. दोष बाईवर टाकणाऱ्या पुरुषाची त्यांनी उलटतपासणी घेतली.

जुन्नर भागाने जोतीरावांचे म्हणणे आचरणात आणले. १८८० नंतरच्या दशकात सत्यशोधक विचाराच्या प्रभावाखाली इथल्या कुळांनी सावकारांच्या जमिनी कसायला नकार दिला. जमिनी पडीक राहिल्या. लोकांनी जोशावाचून लग्ने लावली, तेव्हा जोशांनी दक्षिणेच्या हक्कासाठी दावे लावले. लुबाडला जात होता तोवर कुणबी येडा होता. नकार दिला की तो चिथावलेला ठरला. स्वतःच्या बुद्धीने त्याने काही केले असेल, हे दोन्ही वेळा मान्य झाले नाही.

तीन

आपल्या भाषेत ‘वेड पांघरून पेडगावला जाणे’ अशी म्हण आहे. पेडगाव श्रीगोंदा तालुक्यात, भीमेच्या काठी. तिथल्या बहादूरगडावरच्या मोगल सरदाराला मराठ्यांनी हूल दिली, त्या प्रसंगाशी ही म्हण जोडली जाते. येडगावचे पाणी कुकडीतून घोडेत, घोडेतून भीमेत जाते आणि पेडगावापाशी पोहोचते. हा भूगोल मला अर्थपूर्ण वाटतो. कारण ज्याला येडा म्हटले जाते तो पुष्कळदा पेडगावच्या वाटेवर असतो. ‘मला अडाण्याला काय कळतं, साहेब’ असे कचेरीत म्हणणारा म्हातारा सारे समजून असतो. समजते असे दाखवण्याची किंमत त्याला माहीत असते. दुबळ्याजवळ जेव्हा दुसरे शस्त्र नसते तेव्हा येडेपण हीच ढाल होते. परंतु ढाल पिढ्यान्‌पिढ्या हातात राहिली की हात तिच्यासारखाच घडतो, हेही खरे. म्हणूनच बाबासाहेबांनी ही ढाल टाकून द्यायला सांगितले.

चार

महार समाजाने ढाल टाकली तेव्हा या क्रियाविशेषणाचा खरा चेहरा उघडा पडला.

मार्च १९२७ च्या महाडच्या परिषदेनंतर मेलेली जनावरे ओढणे आणि मृतमांस खाणे सोडण्याची लाट गावोगाव गेली. गाव म्हणाले, येड्यासारखी हातची भाकर सोडतात. शिंगे, हाडे, कातडी यांपासून महारांचे वर्षाला किती उत्पन्न बुडते याचा हिशेब वर्तमानपत्रातून मांडला गेला. १५ ऑक्टोबर १९५६ च्या नागपूरच्या भाषणात बाबासाहेबांनी या हिशेबाची आठवण सांगितली आहे. एवढा फायदा असेल तर तो तुम्हीच का घेत नाही, असा त्यांचा रोकडा सवाल होता. या सवालाला उत्तर आले नाही, येणारही नव्हते. कारण हिशेब करणाऱ्याला उत्पन्नाचा कळवळा नव्हता, ओढणारा माणूस हातचा जाईल याची धास्ती होती.

वतनाचेही तेच. १९२८ साली बाबासाहेबांनी मुंबई कायदेमंडळात १८७४ च्या वतन कायद्याला दुरुस्ती सुचवणारे विधेयक मांडले. १९२९ मध्ये ते मागे घ्यावे लागले. रात्रंदिवस गावाची आणि सरकारची राबणूक, आणि बदल्यात तुटपुंजी जमीन व मागून आणलेले बलुते. ही जमीन ‘येड्यासारखी’ सोडू नका, असा सल्ला ज्यांना फुकट वेठबिगार मिळत होती त्यांनीच दिला. अखेर १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ गावकामगारांची वतने रद्द झाली.

आणि १४ ऑक्टोबर १९५६. धर्म बदलाल तर सवलती जातील, हा इशारा खोटा नव्हता. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातींच्या सवलती हिंदू धर्माशी बांधल्या होत्या. महाराष्ट्र शासनाने राज्यनिर्मितीनंतर १९६० मध्ये नवबौद्धांना सवलती दिल्या. केंद्राने दिल्या त्या १९९० साली. चौतीस वर्षे ही किंमत मोजली गेली. लाखो माणसांनी नुकसान डोळ्यांसमोर असताना पाऊल उचलले. त्याला ‘येड्यासारखं’ म्हणणाऱ्याच्या तागडीत भाकर, जमीन आणि नोकरी यांनाच वजन होते, माणूसपणाला नव्हते.

पाच

जुन्नरच्या डोंगरांत बौद्ध लेण्यांचा फार मोठा समूह आहे. शिवनेरी, लेण्याद्री, मानमोडी, तुळजा मिळून दोनशेहून अधिक खोदकामे. त्यांतल्या शिलालेखांत धान्य व्यापाऱ्यांची श्रेणी येते, बांबूकाम करणारे आणि कासार यांच्या श्रेणी येतात, यवन दातेही येतात. राबणाऱ्या हातांची नावे दोन हजार वर्षांपूर्वी इथल्या दगडावर सन्मानाने कोरली गेली. ज्या धम्मासाठी ही लेणी कोरली, त्या धम्माच्या पाली वाङ्मयात चुकीच्या विचाराला एक क्रियाविशेषण आहे : ‘अयोनिसो’.

योनि म्हणजे उगम, मूळ. ‘योनिसो’ म्हणजे मुळापर्यंत जाऊन; ‘अयोनिसो’ म्हणजे मुळाशी न जाता. मज्झिम निकायातले सब्बासव सुत्त सांगते की, अयोनिसो मन लावणाऱ्याचे आस्रव, म्हणजे चित्ताला लागलेले दोष, वाढतात आणि योनिसो मन लावणाऱ्याचे क्षीण होतात. हा शब्द कर्त्याचे लिंग घेत नाही, वचन घेत नाही. राजा, ब्राह्मण, भिक्षू, दासी, कुणीही अयोनिसो विचार करू शकतो आणि कुणीही तो सुधारू शकतो. ‘येड्यासारखं’ माणसाला मोजते. ‘अयोनिसो’ विचाराची रीत मोजते. पहिल्या शब्दाने चौकशी संपते, दुसऱ्याने सुरू होते.

या कसोटीने पाहिले तर रयतेला उधळ्या म्हणणारा शहाणाच अयोनिसो बोलत होता, कारण तो रोख्याच्या मुळाशी गेला नाही. जोतीराव गेले. बाबासाहेब गेले.

सहा

हे सारे लिहिण्याचे कारण इतिहास नाही. कारण हे की तो शब्द आता आपल्याच तोंडी बसला आहे. ‘आपले लोक येड्यासारखे मतं विकतात’, ‘येड्यासारखे देवीला जातात’, ‘येड्यासारखी पोरं शाळा सोडतात’ ही वाक्ये मी कार्यकर्त्यांच्या बैठकीत ऐकतो, शिक्षकांच्या खोलीत ऐकतो. जुन्नर-आंबेगावच्या पश्चिमेकडचे आदिवासी कुटुंब नारायणगावच्या बाजूला मजुरीला उतरते, तेव्हा त्या घरातली मोठी मुलगी धाकट्याला सांभाळायला घरी राहते. हजेरीपटावर ती गैरहजर; आमच्या बोलण्यात ‘येड्यासारखी शाळा सोडली’. मजुरीचा दर, पाळणाघर नसणे, वसतिगृहाची जागा, वेळेवर न आलेली शिष्यवृत्ती, यांपैकी एकाही गोष्टीची चौकशी या वाक्यात नाही. सावकाराचे आणि अंमलदाराचे वाक्य आम्ही फक्त आपल्या आवाजात म्हणतो.

शोषितांच्या हातून चुका होत नाहीत असा भाबडा दावा कुणी करू नये. चुका होतात, आणि त्या सांगितल्याच पाहिजेत. बाबासाहेबांनी आपल्या माणसांना जितके कठोर शब्द ऐकवले तितके क्वचितच कुणी ऐकवले असतील. पण ते कृत्यावर बोलत, कारण दाखवत आणि वाट सांगत. कार्यकर्त्याने चूक जरूर दाखवावी. ती दाखवताना माणूस खोडू नये. ज्या वाक्यात ‘येड्यासारखं’ येते तिथे थांबून ‘का?’ हा एक शब्द घालून पाहावा. उत्तर शोधायला गावात जावे लागेल, कागद पाहावे लागतील, त्या मुलीच्या आईशी बोलावे लागेल. चळवळीचे काम तिथूनच सुरू होते.