पिवळा धोत्रा व मोहरी

पिवळा धोत्रा : (बिलायत, फिरंगी धोत्रा, हिं. सत्यानाशी, भडभांड, गु. दारूडी, सं. स्वर्णक्षीरी). मूळची अमेरिकेच्या उष्ण प्रदेशातील, परंतु भारतात सर्वत्र तणासारखी वाढणारी ही काटेरी ओषधी आहे. तिचे शास्त्रीय नाव आर्जेमोन मेक्सिकाना असून लिनीअस यांनी १७५३ मध्ये ते रूढ केले. नावात ‘धोत्रा’ असला, तरी खऱ्या धोत्र्याशी तिचे नाते नाही. ती अफूच्या कुलातील आहे. फुलांचा पिवळा रंग आणि मोहरीसारखे बारीक, गोल, काळपट बी यांमुळे मात्र तिची गाठ मोहरीशी पडली. या साम्यातून भारताच्या सार्वजनिक आरोग्याच्या इतिहासातील एक दुःखद प्रकरण घडले.

यवतमाळ जिल्ह्यात ही वनस्पती रस्त्यांच्या कडेला, गावकुसाजवळच्या उकिरड्यांवर, पडीक रानात आणि पैनगंगा, वर्धा, अडाण इत्यादी नद्यांच्या काठच्या गाळाच्या जमिनीत आढळते. खरिपाची पिके निघाल्यावर, हिवाळ्याच्या सुमारास तिची रोपे दिसू लागतात आणि उन्हाळ्यापर्यंत फुले व बोंडे येत राहतात. पाने निळसर हिरवी, शिरांवर पांढुरकी व कडांना काटे असलेली असतात. कोणताही भाग मोडल्यास पिवळा चीक निघतो. मोहरीच्या फुलात चार पाकळ्या क्रुसासारख्या मांडलेल्या असतात, तर पिवळ्या धोत्र्याच्या फुलात त्या बहुधा सहा असतात. मोहरीची शेंग लांबट व गुळगुळीत असते. याचे बोंड काटेरी असून टोकाकडे उकलते. उभ्या झाडांत अशी गल्लत होत नाही; ती होते सुट्या बियांत. भिंगाखाली पाहिल्यास मोहरीचे बी बरेचसे गुळगुळीत, तर धोत्र्याचे जाळीदार खाचांचे व एका बाजूस लहान टोक असलेले दिसते. पोत्यातल्या ढिगात हा भेद सहज लक्षात येत नाही.

युरोपीय जहाजांबरोबर ही वनस्पती पूर्वेकडे आली. ‘फिरंगी’ व ‘बिलायत’ या नावांत त्या आगमनाची आठवण टिकून आहे. येथे रुजल्यावर तिला ‘स्वर्णक्षीरी’ हे प्राचीन नाव मिळाले. चरकसंहितेत स्वर्णक्षीरीचा उल्लेख आहे. परंतु ती अमेरिकेतील ही वनस्पती असणे शक्य नाही. पिवळ्या चिकामुळे जुने नाव नव्या झाडाला चिकटले, असे मानणे सयुक्तिक ठरते. ‘आर्जेमोन’ हे ग्रीक नावही असेच उसने आहे. डोळ्यात पडणाऱ्या फुलावर उपयोगी मानलेल्या एका वनस्पतीचे ते नाव होते. भारतातील खेड्यांतही या झाडाचा चीक डोळ्यांत घालण्याची प्रथा होती. ती घातक होय. कारण याच झाडाच्या तेलाने डोळ्यांना काचबिंदू होतो, हे पुढे स्पष्ट झाले.

१८७७ मध्ये कलकत्त्यात एका अपरिचित रोगाची साथ आली. रोग्यांच्या दोन्ही पायांवर सूज येई, कातडी तांबूस व उष्ण होई, जुलाब होत, धाप लागे आणि काही रोगी हृदय निकामी होऊन दगावत. त्यानंतर लगेच, १८७८-७९ मध्ये, मॉरिशसमधील भारतीय मजुरांत तसाच रोग उद्‌भवला. त्यास ‘साथीचा जलशोथ’ म्हणू लागले. एकाच घरातील अनेक माणसे एकदम आजारी पडत, म्हणून तो संसर्गजन्य असावा असे वाटे; बेरीबेरीशीही त्याची गल्लत होई. मात्र अंगावर पिणारी मुले बहुधा बचावत. दोष अन्नात असल्याची ही महत्त्वाची खूण होती.

कारणाचा शोध सुमारे अर्धशतक रेंगाळला. १९२० नंतरच्या दशकात ॲक्टन व रामनाथ चोप्रा यांनी खराब तांदळावर संशय घेतला. उलट १९२६ मध्ये एस्. एल्. सरकार यांनी पिवळ्या धोत्र्याच्या तेलाकडे लक्ष वेधले. आर्. बी. लाल व एस्. सी. रॉय यांनी १९३७ च्या सुमारास साथींची पद्धतशीर पाहणी केली आणि दोष मोहरीच्या तेलाकडे वळला. १९३९ मध्ये चोप्रा व त्यांच्या सहकाऱ्यांनी माणसांवर केलेल्या प्रयोगात धोत्र्याच्या तेलाने तीच लक्षणे निर्माण होतात असे दाखविले. ज्यांनी आधी तांदळाची उपपत्ती मांडली, त्यांच्याच हातून तिचा त्याग झाला, हे या शोधाचे वैशिष्ट्य होय. १९४८ मध्ये या तेलातून सँग्विनारीन व डायहायड्रोसँग्विनारीन ही अल्कलॉइडे वेगळी करण्यात आली. त्यांच्या परिणामाने केशवाहिन्या प्रसरण पावतात व त्यांतून द्रव पाझरतो. सूज त्यामुळे येते.

रोगाच्या भूगोलातून एक गोष्ट लक्षात येते. पिवळा धोत्रा वऱ्हाडातही तितकाच रानमोकळा असताना मोठ्या साथी प्रामुख्याने बंगाल, बिहार व उत्तर प्रदेश यांच्या वाट्यास आल्या. याचे कारण स्वयंपाकघरात शोधावे लागते. पूर्व व उत्तर भारतात मोहरीचे तेल हे रोजचे स्निग्ध अन्न आहे. वऱ्हाडात जवस, तीळ, करडई व पुढे भुईमूग यांची तेले वापरात होती. तेथील घरात मोहरी फोडणीपुरती, चिमूटभर व सबंध दाण्याच्या रूपात लागते. त्यामुळे तेलात मिसळून पोटात जाणारे विष येथे मोहरीच्या वाटेने फारसे गेले नाही. म्हणजे संकट केवळ तणामुळे येत नाही. तण, तेलाची सवय व विक्रेत्याची हाव अथवा हलगर्जी यांचा मेळ बसला, की ते येते.

तथापि ही सुरक्षितता कायमची मानता येत नाही. गुजरात, मध्य प्रदेश व महाराष्ट्र येथेही असे रुग्ण नोंदले गेले असून भुईमुगाच्या तेलातही ही भेसळ आढळली आहे. ऑगस्ट १९९८ मध्ये दिल्लीत उद्‌भवलेल्या साथीत ६० हून अधिक माणसे दगावली व सु. ३,००० रुग्णालयांत दाखल झाली. त्याच वर्षी केंद्र शासनाने खाद्यतेलाच्या वेष्टनाविषयी आदेश काढून सुट्या तेलाच्या विक्रीवर निर्बंध घातले.

भेसळीची प्राथमिक परीक्षा सोपी आहे. तेलात संहत नायट्रिक अम्ल मिसळून हलविल्यास धोत्र्याचे तेल असेल तर अम्लाच्या थराला तांबूस नारिंगी रंग येतो. हे अम्ल दाहक असल्याने ही परीक्षा प्रयोगशाळेतच करावी. भेसळ फार थोडी असल्यास तिचा छडा लावण्यास अधिक सूक्ष्म पद्धती वापराव्या लागतात. रोगावर विशिष्ट उतारा नाही. दूषित तेल तत्काळ बंद करणे, विश्रांती व लक्षणांनुसार उपचार हाच मार्ग आहे. म्हणून मोहरीच्या शेतातून हे तण फुलण्यापूर्वीच उपटणे आणि बियाणे चाळून घेणे यांस महत्त्व आहे. कणग्यांत व घाण्यांत पोहोचण्याआधी त्यास ओळखता येते ते बांधावरच, त्याच्या काटेरी पानांवरून व पिवळ्या चिकावरून.