एसी पंप : एका लहान अवयवाचा इतिहास

नेपानगरच्या शेजारी असलेल्या बुऱ्हाणपूर शहराला चारशे वर्षांपूर्वी एक अपूर्व पाणीपुरवठा लाभला. इ. स. १६१५ च्या सुमारास, मोगल सरदार अब्दुर्रहीम खानखानान यांच्या काळात, सातपुड्याच्या कुशीतून झिरपून तापीकडे जाणारे पाणी जमिनीखालीच अडविण्यात आले आणि भुयारी मार्गाने ते शहरापर्यंत आणण्यात आले. या मार्गावर शंभरावर कुंड्या आहेत. ‘कुंडी भंडारा’ या नावाने ही योजना प्रसिद्ध आहे. तिला मोट लागली नाही, रहाट लागला नाही, पंप तर नाहीच. जमिनीचा उतार एवढेच तिचे बळ.

मोटारगाडीचा इतिहासही आरंभी याच तत्त्वावर चालला. पेट्रोलची टाकी उंचावर ठेवावी, इंजिन खाली ठेवावे, आणि पेट्रोल आपल्या वजनाने उतरू द्यावे, अशी ती सोय होती. ही सोय जेथे अपुरी पडू लागली, तेथे पेट्रोलच्या पंपाची कथा सुरू होते. ‘पेट्रोल पंप’ म्हटले की रस्त्याकडेचे पेट्रोल विकण्याचे ठिकाण डोळ्यांपुढे येते. पण येथे विषय आहे तो इंजिनाच्या कुशीला दोन नटांनी बसविलेल्या मुठीएवढ्या पंपाचा. आपल्याकडील मिस्त्री त्याला ‘एसी पंप’ म्हणतात. जुनी मोटार बाळगणाऱ्या असंख्य कुटुंबांनी तो आपल्या अंगणात उघडला आहे, दुरुस्त केला आहे आणि बदलला आहे.

इंधनाच्या मार्गाची घरगुती दुरुस्ती ही मोटारीइतकीच जुनी आहे. १८८८ च्या ऑगस्ट महिन्यात बर्था बेंझ ही जर्मन स्त्री पतीने बनविलेली तीनचाकी मोटार घेऊन, दोन मुलांसह, मानहाइमहून फोर्त्सहाइमला गेली. मोटारीने केलेला हा पहिला लांबचा प्रवास मानला जातो. वाटेत इंधन संपले तेव्हा तिने ते औषधाच्या दुकानातून विकत घेतले. आणि इंधनाची नळी तुंबली तेव्हा आपल्या टोपीची टाचणी काढून ती मोकळी केली, असे सांगतात. मोटारीचे पहिले दुरुस्तीगृह म्हणजे उघडा रस्ता, आणि पहिले हत्यार म्हणजे एक टाचणी!

पुढे १९०८ साली अमेरिकेत फोर्डची ‘मॉडेल टी’ गाडी निघाली आणि १९२७ पर्यंत ती लाखोंच्या संख्येने खपली. तिची टाकी बैठकीखाली होती. सपाट रस्त्यावर पेट्रोल बिनतक्रार उतरत असे. परंतु उभा चढ लागला आणि टाकीत पेट्रोल थोडे असले, म्हणजे पुढच्या बाजूचे इंजिन टाकीपेक्षा उंच होई आणि पुरवठा थांबे. तेव्हा चालक गाडी वळवून घेत आणि उलट्या गतीने घाट चढत! कुंडी भंडाऱ्याचा उतार कायमचा होता. मोटारीला मात्र उतार आणि चढ दोन्ही भेटणार होते.

त्यानंतर इंजिनाच्या शोषणशक्तीचा उपयोग करून पेट्रोल वर खेचणारी एक लहान टाकी वापरात आली. तीही दीर्घ चढावर दगा देई. कारण इंजिनावर भार वाढून चालकाने पेट्रोलचे दार पूर्ण उघडले की शोषण मंदावे आणि नेमक्या गरजेच्या वेळी ती टाकी रिती होई. या अडचणीवर १९३० च्या आसपास रुळलेला उपाय म्हणजे इंजिनानेच चालविलेला पडद्याचा पंप. अमेरिकेतील ‘एसी’ या कंपनीने तो घरोघर पोहोचविला. ही अक्षरे कोणाची, हे आज फारसे कोणाला आठवत नाही. आल्बेर शाँपियाँ या फ्रेंच माणसाच्या नावाची ती आद्याक्षरे होत. हा गृहस्थ मूळचा सायकलपटू. १८९९ साली पॅरिस ते रूबे ही कठीण शर्यत त्याने जिंकली, नंतर अमेरिकेत जाऊन तो ठिणगीच्या प्लगांचा कारखानदार झाला आणि १९२७ साली वारला. त्याच्या नावाची दोन अक्षरे मात्र हिंदुस्थानातील मिस्त्र्यांच्या बोलीत कायमची राहिली.

या पंपाची रचना ज्याने लोहाराचा भाता पाहिला आहे त्याला चटकन उमगावी. भाता फुगतो तेव्हा एक झडप उघडून हवा आत येते. दाबला म्हणजे ती झडप मिटते आणि हवा भट्टीकडे जाते. पंपातही रबरमिश्रित कापडाचा एक गोल पडदा असतो आणि दोन झडपा असतात. इंजिनातील कॅमशाफ्ट फिरताना पंपाचा दांडा हलवितो. दांडा पडदा खाली ओढतो. मागच्या टाकीतले पेट्रोल पहिल्या झडपेतून आत येते. मग पडद्याखालची स्प्रिंग त्याला वर लोटते आणि पेट्रोल दुसऱ्या झडपेतून कार्बुरेटरकडे जाते. यातील मार्मिक भाग असा, की पेट्रोल पुढे ढकलण्याचे काम दांड्याकडे नाही, स्प्रिंगकडे आहे. कार्बुरेटर भरला आणि त्याचे तोंड मिटले, म्हणजे स्प्रिंगला पडदा वर लोटता येत नाही. पडदा खालीच थांबतो, दांडा रिकामा हलत राहतो, आणि गरज संपताच पुरवठा आपोआप बंद होतो. एवढे शहाणपण त्या मुठीएवढ्या यंत्रात साठविलेले आहे.

जगात इतरत्र मोटारीचे नमुने दर काही वर्षांनी बदलत गेले. भारतात हा पंप पिढ्यान्पिढ्या टिकला. त्याचे कारण आपल्या आर्थिक इतिहासात आहे. फोर्ड आणि जनरल मोटर्स या अमेरिकन कंपन्यांनी १९२० नंतरच्या दशकात मुंबईत बस्तान बसविले होते. जनरल मोटर्सचा शिवडी येथील जुळणीचा कारखाना १९२८ साली सुरू झाला. बाहेरून सुटे भाग आणावेत आणि येथे जोडावेत, असा तो व्यवहार होता. १९५३ साली टॅरिफ कमिशनच्या शिफारशीवरून सरकारने ठरविले, की ज्यांना येथेच भाग बनवावयाचे असतील त्यांनीच राहावे. परक्या जुळणीदारांनी गाशा गुंडाळला. राहिले ते थोडे देशी कारखाने. त्यांत बिर्लांची हिंदुस्थान मोटर्स होती, आणि सोलापूरच्या वालचंद हिराचंद यांनी १९४४ साली स्थापन केलेली कुर्ल्याची प्रीमियर ऑटोमोबाईल्सही होती.

प्रीमियरने इटलीतील फियाट कंपनीशी करार करून ‘फियाट ११००’ गाडी आणली. तीच पुढे, १९७० नंतरच्या दशकात, ‘प्रीमियर पद्मिनी’ झाली. नावे बदलली, जाळ्या आणि दिवे बदलले. पण बॉनेटखालचे १०८९ घनसेंटिमीटरचे इंजिन आणि त्याच्या कुशीचा पंप मुळातला तोच राहिला. गाडीसाठी वर्षानुवर्षे नंबर लावून बसावे लागे. एकदा मिळालेली गाडी वीस वीस वर्षे मोडीत काढणे कोणाला परवडत नसे. अशा स्थितीत वडिलांनी ओळखलेला पंप मुलालाही ओळखीचा राहिला.

नेपानगरसारख्या गावात या ओळखीला विशेष मोल होते. हे गावच मुळी एका कारखान्याभोवती वसले. सलई आणि बांबूपासून वृत्तपत्राचा कागद काढणारी ही देशातील पहिली गिरणी २६ एप्रिल १९५६ रोजी पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांनी राष्ट्राला अर्पण केली. फिटर, टर्नर, वेल्डर यांची ही वस्ती. मोटार कंपन्यांची अधिकृत दुरुस्तीगृहे मोठ्या शहरांत. येथून खांडवा गाठावयाचे तर सातपुड्याच्या चढाचा आणि असीरगडाच्या पायथ्याचा रस्ता. ज्या गाडीने शहरात न्यावयाचे तीच गाडी बंद पडलेली! अशा ठिकाणी पाना आणि स्क्रूड्रायव्हर हाती घेण्यावाचून गत्यंतर नसते.

निमाड-खानदेशच्या उन्हाळ्यात या पंपाची खरी परीक्षा होते. इंजिनाच्या उष्णतेने पंपातील पेट्रोलची वाफ होते. वाफ दबते, पण पुढे सरकत नाही, आणि गाडी थबकते. अशा वेळी पंपावर ओले फडके गुंडाळून पाच-दहा मिनिटे सावलीत थांबणारे कुटुंब हे जुन्या रस्त्यांवरील परिचित दृश्य होते. फडक्याने काम भागले तर दोष वाफेचा, न भागले तर अन्य कशाचा, एवढे निदान घरच्या मुलांनाही येत असे.

पंप खरोखर झिजला आहे की नाही, हे ठरविण्याची रीतही अनुभवाने पक्की झाली. आधी टाकीच्या झाकणातील हवेचे छिद्र तुंबले आहे काय ते पाहावे. मग गाळणीतील कचरा. मग नळीच्या जोडातून हवा शिरते काय ते. अनेकांनी चांगला पंप फेकला आणि दोष दोन पैशांच्या वॉशरमध्ये निघाला. पडदा फाटला असेल तर पंपाच्या अंगावरील छिद्रातून पेट्रोल ठिबकते, किंवा ते इंजिनाच्या ऑईलमध्ये उतरते. ऑईल मोजण्याच्या पट्टीला पेट्रोलचा वास आला, तर नुसता पंप बदलून भागत नाही, ऑईलही बदलावे लागते. पातळ झालेले ऑईल इंजिनाचे बेअरिंग खाऊन टाकते.

बदलण्याचे काम अर्ध्या तासाचे, पण शिस्तीचे. इंजिन पूर्ण थंड होऊ द्यावे, बॅटरीची तार सोडावी, जवळपास चूल, दिवा, विडी काही नसावे, आणि काम उघड्यावर करावे. टाकीकडून येणारी नळी सोडताच तिला बूच मारावे. दोन नट काढले की पंप हाती येतो. जुने गॅस्केट खरवडून जागा स्वच्छ करावी. पंप आणि इंजिन यांच्यामध्ये उष्णतारोधक जाड पट्टी असते. तिची जाडी मूळ तेवढीच ठेवावी, नाही तर दांड्याची पोहोच कमीजास्त होते. दांडा कॅमच्या उंचवट्यावर टेकत असेल तर पंप जोर करून बसवू नये. इंजिन हाताने थोडे फिरवावे, म्हणजे तो सहज बसतो. जे लोक जुन्या पंपात केवळ पडदा घालीत, ते उघडण्यापूर्वी दोन्ही अर्ध्या भागांवर एक रेघ ओढून ठेवीत, म्हणजे जोडताना तोंडे चुकत नाहीत. आणि पडदा पूर्ण खाली ओढून धरल्यावरच स्क्रू आवळीत, म्हणजे तो ताणून फाटत नाही. शेवटी इंजिन चालू करून प्रत्येक जोड कोरड्या बोटाने तपासावयाचा. हे ज्ञान पुस्तकांतून थोडे आणि शेजाऱ्याच्या अंगणातून अधिक पसरले.

तथापि या इतिहासाकडे केवळ कौतुकाने पाहणे योग्य नव्हे. हे कौशल्य टंचाईतून आले होते. गाड्या थोड्या, सुटे भाग निकृष्ट आणि ग्राहकाला पर्याय नाही, ही त्या व्यवस्थेची दुसरी बाजू होती. नवा पडदा वर्षभरात फाटावा आणि तक्रार करावयास जागा नसावी, हे काही सुखाचे दिवस नव्हेत. पण टंचाईने शिकविलेली सगळीच विद्या टंचाई संपताच टाकून देण्याजोगी नसते.

ती संपली खरी. १९८३ च्या डिसेंबरात मारुती आली. १९९५ पासून चार महानगरांत नव्या मोटारींना धूर शुद्ध करणारे साधन आणि शिसेविरहित पेट्रोल सक्तीचे झाले; २००० साली प्रदूषणाचे नियम आणखी कडक झाले. कार्बुरेटर गेला आणि त्याच्याबरोबर पडद्याचा पंपही गेला. नवा विजेचा पंप टाकीच्या पोटात, पेट्रोलमध्ये बुडालेला असतो. तो अधिक दाब देतो, वाफेने अडत नाही. गुणांत तो निःसंशय सरस आहे. मात्र तो उघडून दुरुस्त करावयाचा नसतो, पुरता बदलावयाचा असतो. मुंबईत पद्मिनी टॅक्सीची शेवटची नोंदणी २९ ऑक्टोबर २००३ रोजी झाली होती. वीस वर्षांची मुदत भरताच २०२३ च्या ऑक्टोबरअखेर ती काळी-पिवळी गाडी रस्त्यावरून उतरली.

ज्यांच्या घरी जुनी गाडी अजून जपलेली आहे, त्यांच्यापुढे आता नवा प्रश्न आहे. २०२५ साली देशातील पेट्रोलमध्ये इथेनॉलचे प्रमाण २० टक्क्यांच्या घरात पोहोचले. जुन्या पंपाचे पडदे आणि रबरी नळ्या शुद्ध पेट्रोलसाठी घडविलेल्या होत्या. इथेनॉलने त्या फुगतात, मऊ पडतात किंवा चिरतात. म्हणून आज पंप बदलताना इथेनॉलला टिकणारा पडदा आणि तशाच नळ्या मागून घेणे अगत्याचे आहे. हे ज्याला कळते, त्याची गाडी चालते. न कळणाऱ्याच्या अंगणात पेट्रोल ठिबकते, आणि तो धोका केवळ गाडीपुरता राहत नाही.

नेपानगरच्या रहिवाशांना या विषयातील मर्म वेगळे समजावून सांगावयास नको. त्यांची गिरणी २०१६ साली नूतनीकरणासाठी थांबली आणि २०२२ साली पुन्हा सुरू झाली. सहा वर्षे भोंगा मुका राहिला तर गावाचे काय होते, हे त्यांनी सोसले आहे. आणि झिजलेला भाग बदलला तर जुने यंत्र पुन्हा चालू शकते, हेही पाहिले आहे. गिरणी मोठी, पंप लहान. पण दोहोंच्या बाबतीत पहिला प्रश्न एकच विचारावा लागतो : संपूर्ण यंत्र निकामी झाले आहे, की एखादाच भाग? तो विचारण्याची सवय ज्या घरात मुलांना लागली, त्या घरातील जुनी गाडी कधीतरी मोडीत जाईल, पण तिच्याशेजारी बसून शिकलेला धडा मुलांच्या हातात राहील.