तातींच्या काचेच्या शहरात

साल १९६५. पॅरिसच्या आग्नेय कडेला, व्हॅन्सेनच्या बाजूला तुम्ही उभे आहात. समोर काच-पोलादाच्या टोलेजंग इमारती, गुळगुळीत रस्ते, मोटारी. लांबवर सुटाबुटातली माणसं दिसतात. जरा जवळ जाऊन बघा, त्यातली काही चक्क पुठ्ठ्याची आहेत! मागच्या काही इमारतीही नुसतेच दर्शनी भाग, हवे तसे सरकवता येणारे. 'प्लेटाइम' या एका विनोदी चित्रपटासाठी दिग्दर्शक जाक ताती यांनी हे शहर उभारलंय, 'तातीविल' म्हणतात त्याला. पुढे झुकून ढांगा टाकत येणारा तो उंच, टोपीवाला माणूस? तेच ताती. पडद्यावर मात्र ते मस्यू युलो.

आता चला डिसेंबर १९६७मध्ये. पॅरिसच्या थिएटरात ७० मिलिमीटरच्या भव्य पडद्यासमोर बसा. गोष्ट म्हणाल तर नावापुरती. युलो एका साहेबाला भेटायला जातो आणि काचेच्या कचेऱ्यांत भरकटतो. अमेरिकन पर्यटक बार्बराला आयफेल टॉवर दिसतो, तोही दाराच्या काचेतल्या प्रतिबिंबात.

मग येते 'रॉयल गार्डन' रेस्टॉरंटच्या उद्घाटनाची रात्र. गिऱ्हाइकं आली तरी कारागिरांची कामं उरकलेली नाहीत. फरशीचा तुकडा निघून बुटाला चिकटतो. काचेचं दार खळ्ळकन फुटतं. दरवान डगमगत नाही. उरलेली पितळी मूठ हातात धरून तो हवेतच दार उघडतो, लावतो, आणि मंडळी ऐटीत आत शिरतात. तिकडे टेबलाजवळच्या माशावर एक वेटर मसाला भुरभुरतो. थोड्या वेळानं दुसरा येतो, तोही भुरभुरतो.

शेजारचा खो खो हसतो आणि तुम्ही गोंधळता, कारण तुमची नजर भलत्याच कोपऱ्यात होती. क्लोज-अप जवळजवळ नाहीतच. कुठे बघायचं, कधी हसायचं, हे ताती सांगत नाहीत. प्रेक्षक हुशार आहे असं धरून चालणारा विनोद क्वचितच भेटतो, आणि इथे तो दोन तास टिकतो.

तातींना तो महागात पडला. ते कर्जात बुडाले, स्वतःच्या चित्रपटांचे हक्क गमावून बसले, तातीविलही पाडलं गेलं. चित्रपट मात्र टिकून आहे. मोबाइलवर बघू नका. मिळेल त्या सर्वांत मोठ्या पडद्यावर बघा, आणि दुसऱ्यांदा बघताना खुर्ची बदलून बसा.