ली रिचमंड रूस : मध्यरेषेपर्यंत धावणारा गोलरक्षक

#थ्रेड #इतिहास #फुटबॉल

१/२२
फ्रान्समध्ये सोम नदीच्या खोऱ्यात थिएपव्हाल येथे एक भव्य स्मारक आहे. पहिल्या महायुद्धात या रणभूमीवर मारल्या गेलेल्या आणि ज्यांची कबरही सापडली नाही, अशा ७२ हजारांहून अधिक सैनिकांची नावे तेथे कोरलेली आहेत. त्यांतील एका लान्स कॉर्पोरलचे नाव 'राउस' असे कोरले गेले. हे त्याचे खरे आडनाव नव्हते.

२/२२
खरे आडनाव होते 'रूस'. इंग्रजी स्पेलिंगमधील दुसऱ्या 'ओ'च्या जागी 'यू' पडला, एवढाच फरक. पण ज्याचे नाव असे हरवले तो कोणी अनामिक शिपाई नव्हता. ली रिचमंड रूस हा वेल्सचा २४ आंतरराष्ट्रीय सामने खेळलेला गोलरक्षक होता आणि आपल्या काळातील ब्रिटनच्या सर्वांत प्रसिद्ध खेळाडूंपैकी एक होता.

३/२२
रूसचा जन्म २७ नोव्हेंबर १८७७ रोजी ईशान्य वेल्समधील रेक्समजवळच्या होल्ट या गावी झाला. वडील प्रेस्बिटेरियन धर्मोपदेशक. घरात शिस्त, ग्रंथ आणि शिक्षण यांना मान होता. होल्टच्या शाळेत काही काळ एक तरुण शिक्षक होता. पुढे विज्ञानकथांचा जनक म्हणून जगाने त्याला ओळखले : एच. जी. वेल्स.

४/२२
पुढे रूस विज्ञान शिकण्यासाठी अ‍ॅबरिस्टविथच्या विद्यापीठ महाविद्यालयात गेला आणि तेथील नगरसंघाचा गोलरक्षक झाला. १९०० साली अ‍ॅबरिस्टविथने 'ड्रुइड्स' या मातब्बर संघाला ३-० असे हरवून वेल्श चषक जिंकला. त्याच वर्षी रूस राष्ट्रीय संघात आला. त्यानंतर वैद्यकशास्त्र शिकण्यासाठी त्याने लंडन गाठले. डॉक्टरकीची पदवी मात्र त्याच्या हाती कधीच आली नाही, कारण फुटबॉलने त्याला सोडले नाही.

५/२२
१९०१ मध्ये तो इंग्लंडच्या पहिल्या श्रेणीतील स्टोक संघात दाखल झाला. त्याचे वेगळेपण समजण्यासाठी त्या काळचे नियम पाहावे लागतात. आज गोलरक्षकाला फक्त पेनल्टी क्षेत्रात चेंडू हाताळता येतो. तेव्हा त्याला मैदानाच्या आपल्या संपूर्ण अर्ध्या भागात, म्हणजे थेट मध्यरेषेपर्यंत, हात वापरण्याची मुभा होती.

६/२२
अट एकच होती. चेंडू हातात धरून दोनपेक्षा अधिक पावले टाकता येत नसत. मात्र चेंडू जमिनीवर आपटत पुढे जाण्यास कोणताही नियम आडवा येत नव्हता. नियमातील ही मोकळीक सर्वांनाच ठाऊक होती. बहुतेक गोलरक्षक तरीही गोलखांबांपासून फार दूर जात नसत.

७/२२
त्यामागे भीती होती, आणि ती निराधार नव्हती. चेंडू हाती असलेल्या गोलरक्षकाला खांद्याने जोरदार धडक देणे तेव्हा नियमबाह्य नव्हते. त्याला चेंडूसकट गोलरेषेपलीकडे ढकलून दिले तर गोल ग्राह्य धरला जाई. मोकळ्या मैदानात धावत निघालेला गोलरक्षक म्हणजे आघाडीच्या खेळाडूंना आयते सावज. शिवाय मागे गोल उघडा पडलेला.

८/२२
सहा फुटांहून थोडा उंच आणि अंगापिंडाने भक्कम असलेल्या रूसला धडकांचे भय नव्हते. तो चेंडू आपटत मध्यरेषेपर्यंत धावत जाई आणि तेथून लांबवर फेकून किंवा लाथाडून आपल्या आघाडीच्या फळीला देई. गोलरक्षकाने केवळ गोल वाचवायचा नसतो, आक्रमणाची सुरुवातही त्यानेच करायची असते, ही कल्पना त्याने प्रत्यक्ष खेळून दाखवली. 'गोलरक्षणाची कला' या विषयावर त्या काळच्या एका मोठ्या फुटबॉल ग्रंथात त्याने प्रकरणही लिहिले.

९/२२
प्रेक्षकांना त्याचे वेड होते. खेळ दुसऱ्या टोकाला असला की तो गोलखांबाला टेकून मागच्या गर्दीशी गप्पा मारी. अ‍ॅबरिस्टविथच्या दिवसांतला जुना सदरा तो शुभ मानून जर्सीच्या आत घालत असे आणि तो धुऊ देत नसे, असे सांगतात. त्याच्याविषयीच्या अशा गोष्टींत सत्य किती आणि भर किती, हे वेगळे करणे अवघड आहे. मात्र गोष्टी रचल्या जाव्यात इतका तो लोकप्रिय होता, हे निर्विवाद.

१०/२२
येथून त्याच्या कहाणीचा कमी सांगितला जाणारा भाग सुरू होतो. रूस व्यावसायिकांच्या साखळी स्पर्धेत खेळत असला तरी कागदोपत्री तो आयुष्यभर 'हौशी' खेळाडू राहिला. त्या काळातील इंग्रजी फुटबॉलमध्ये 'हौशी' आणि 'व्यावसायिक' हा भेद फक्त पैशाचा नव्हता. तो सामाजिक वर्गाचा भेद होता.

११/२२
१९०१ पासून व्यावसायिक खेळाडूच्या वेतनावर आठवड्याला ४ पौंडांची कमाल मर्यादा आली. त्याहून जाचक होती ती खेळाडू राखून ठेवण्याची पद्धत. हंगाम संपला, करार संपला, तरीही क्लबच्या संमतीवाचून खेळाडूला लीगमधील दुसऱ्या क्लबकडे जाता येत नसे. क्लबने त्याला खेळवले नाही तरी तो क्लबचाच!

१२/२२
हौशी खेळाडूला यांतले काहीच लागू नव्हते. वेतनच नाही, म्हणून वेतनमर्यादा नाही आणि बांधिलकीही नाही. रूस १९०४ मध्ये एव्हर्टनला गेला. त्या हंगामात एव्हर्टनचे विजेतेपद एका गुणाने हुकले. पुढच्याच वर्षी तो स्टोकला परतला. आर्थिक डबघाईमुळे १९०८ मध्ये स्टोकला लीग सोडावी लागली, पण तोवर रूस संडरलँडमध्ये पोहोचला होता.

१३/२२
५ डिसेंबर १९०८ हा संडरलँडच्या इतिहासातील सुवर्णदिन. न्यूकॅसलच्या मैदानावर मध्यंतराला १-१ अशी बरोबरी होती. उत्तरार्धात संडरलँडने आठ गोल केले आणि सामना ९-१ असा जिंकला. त्या दिवशी संडरलँडचा गोल रूस सांभाळत होता. गंमत अशी की त्या हंगामाचे विजेतेपद अखेर न्यूकॅसलनेच पटकावले आणि संडरलँड तिसऱ्या स्थानी राहिला.

१४/२२
मग हौशी रूसचा उदरनिर्वाह चालत होता कसा? उत्तर एका शब्दात आहे : 'खर्च'. हौशी खेळाडूला वेतन घेता येत नसे, पण प्रवास व निवासाचा खर्च मागता येई. रूसची राहणी उंची होती, साहजिकच त्याच्या खर्चाच्या याद्याही लांब असत. एकदा गाडी चुकल्यावर त्याने स्वतःसाठी स्वतंत्र रेल्वेगाडी भाड्याने घेतली आणि बिल क्लबकडे पाठवले, असा किस्सा सांगितला जातो.

१५/२२
दुसरा किस्सा हिशेबाचा. अधिकाऱ्यांनी तपशीलवार यादी मागितली, तेव्हा त्याने म्हणे त्यात विरोधकांना दूर ठेवण्यासाठी पिस्तूल आणि काम नसताना ऊब मिळावी म्हणून कोट-हातमोजे अशा बाबी काही पेनींच्या किमतीसह नोंदवल्या. लोक हसले. आज वाचतानाही हसू येते. पण ही थट्टा कोणाला परवडत होती, हा प्रश्न विचारायला हवा.

१६/२२
त्यासाठी बिली मेरेडिथकडे पाहावे. तोही वेल्सचाच, रूससोबत राष्ट्रीय संघात खेळणारा. त्याचे चर्क हे गाव होल्टपासून फार दूर नव्हे. पण मेरेडिथ बाराव्या वर्षी कोळशाच्या खाणीत कामाला लागलेला. मँचेस्टर सिटीत असताना लाचेच्या आरोपावरून त्याच्यावर १९०५ मध्ये बंदी आली. पुढच्या वर्षी, वेतनमर्यादेहून अधिक पैसे दिल्या-घेतल्याच्या चौकशीत, सिटीच्या १७ खेळाडूंना निलंबित करण्यात आले.

१७/२२
१९०७ मध्ये मँचेस्टरमध्ये खेळाडूंची संघटना स्थापन झाली, तिच्या उभारणीत मेरेडिथ अग्रभागी होता. १९०९ मध्ये संघटना सोडा, असे फर्मान निघाले आणि ते न मानणारे मँचेस्टर युनायटेडचे खेळाडू निलंबित झाले. खाणकामगाराने हक्काचे चार पौंड अधिक मागितले तर तो गुन्हा आणि धर्मोपदेशकाच्या मुलाने खर्चाच्या नावाखाली मागितले तर तो विनोद. दोघे एकाच संघाचे. १९०७ मध्ये वेल्सने ब्रिटनमधील चार देशांची स्पर्धा प्रथमच जिंकली, ती याच पिढीच्या बळावर.

१८/२२
हौशीपणाची किंमत मात्र रूसलाही मोजावी लागली. संडरलँडने त्याच्या सन्मानार्थ निधीचा सामना भरवण्याचे ठरवले, तेव्हा हौशी खेळाडूला असा लाभ देता येणार नाही, म्हणून फुटबॉल असोसिएशनने परवानगी नाकारली. नोव्हेंबर १९१० मध्ये न्यूकॅसलविरुद्ध त्याचे डावे मनगट मोडले. व्यावसायिक नसल्यामुळे कोणत्याही क्लबवर त्याचा हक्क नव्हता. त्यानंतर हडर्सफील्ड, अ‍ॅस्टन व्हिला आणि वुलिच आर्सेनल असा त्याचा प्रवास झाला, पण पूर्वीचा रूस परतला नाही.

१९/२२
१९१२ मध्ये नियम बदलला. गोलरक्षकाला यापुढे फक्त पेनल्टी क्षेत्रातच चेंडू हाताळता येणार होता. हा बदल रूसमुळेच झाला, असे अनेकदा सांगितले जाते. एका माणसासाठी खेळाचा कायदा बदलला असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. पण त्या मोकळिकीचा सर्वांत ठळक वापर करणारा तोच होता, आणि त्याची मोठ्या क्लबांतील कारकीर्द व ती मोकळीक दोन्ही एकाच वर्षी संपली.

२०/२२
१९१४ मध्ये महायुद्ध सुरू झाले. छत्तिशी ओलांडलेला रूस सैन्याच्या वैद्यकीय दलात दाखल झाला. अपुरे राहिलेले वैद्यकीय शिक्षण येथे उपयोगी पडले. फ्रान्स आणि नंतर गॅलिपोली येथे त्याने सेवा केली. १९१६ मध्ये तो रॉयल फ्युझिलियर्सच्या नवव्या तुकडीत साधा शिपाई म्हणून लढाऊ आघाडीवर गेला. सैन्याच्या दप्तरात त्याचे आडनाव 'राउस' असे लागले ते याच टप्प्यावर.

२१/२२
खंदकातील पहिल्याच लढाईत जर्मनांनी ज्वालाफेकी यंत्रांनी हल्ला चढवला. धुराने जीव गुदमरत होता, अंगावरचे कपडे होरपळले होते, तरी रूसने उपचारांसाठी मागे जाण्यास नकार दिला. हात निकामी होईपर्यंत तो हातबाँब फेकत राहिला आणि मग त्याने बंदूक उचलली. या शौर्यासाठी त्याला मिलिटरी मेडल मिळाले. ७ ऑक्टोबर १९१६ रोजी ग्यूदकूर येथील हल्ल्यात तो मारला गेला. वय ३८. मृतदेह सापडला नाही.

२२/२२
नियमपुस्तकाने रूसला 'हौशी' म्हटले आणि सैन्याच्या कारकुनीने 'राउस'. दोन्ही नोंदी चुकीच्या होत्या. पैसा, कीर्ती आणि जोखीम या तिन्ही बाबतींत तो पूर्ण व्यावसायिक होता, फक्त जन्माने मिळालेल्या वर्गामुळे त्याला त्या नावाचे जोखड वागवावे लागले नाही. आज गोलरक्षक क्षेत्राबाहेर धावत येऊन पायाने चाल रचतो, तेव्हा समालोचक त्याला आधुनिक म्हणतात. १९१२ पूर्वीच्या एका वेल्श गोलरक्षकाला मात्र त्यात नवे काहीच वाटले नसते.

(समाप्त)